नकाशावरचे बेट खोडायचे कधी?

दर्यावर्दी:
नोव्हेंबर २०१२ मध्ये ‘सदर्न सर्व्हेअर’ हे ऑस्ट्रेलियन संशोधन-जहाज पॅसिफिक महासागरातल्या न्यू कॅलेडोनिया या फ्रेंच बेटाच्या पश्चिमेला, नकाशात जेथे सँडी बेट होते नेमके तेथे पोचले, तेव्हा खाली १३०० मीटरांहून अधिक खोल पाणी निघाले. नकाशाकारांनी शतकभर डोळे मिटून नक्कल केली, असा ठपका तेव्हापासून ठेवला जातो. मला तो अन्यायाचा वाटतो. १८७६ मध्ये ‘व्हेलॉसिटी’ या देवमाशांच्या शिकारीच्या जहाजाने तेथे बेट असल्याची नोंद दिली होती. नसलेले बेट दाखवले तर जहाजाला वळसा पडतो, असलेले वगळले तर जहाज फुटते; तेव्हा खोडण्याची घाई न करणे हाच शहाणपणा होता.

कोराकागद:
हा बचाव समुद्रापुरता ठीक आहे. जेम्स रेनेल या नामांकित इंग्रज भूगोलतज्ज्ञाने १७९८ मध्ये पश्चिम आफ्रिकेच्या नकाशात काँग पर्वतांची लांबलचक रांग काढली, तिच्यावर कोणते जहाज फुटणार होते? नायजर नदी दक्षिणेकडे समुद्राला न मिळता पूर्वेकडेच वाहत जाते, या त्याच्या चुकीच्या समजुतीला आधार म्हणून त्याला एक अडसर हवा होता, म्हणून पर्वत उभे राहिले. बँजे हा फ्रेंच अधिकारी १८८७ ते १८८९ या काळात त्या मुलखातून प्रत्यक्ष फिरून आला आणि पर्वत नाहीतच असे त्याने सांगितले, तोवर जवळजवळ नव्वद वर्षे एकाचे पाहून दुसरा ते छापत राहिला. याला सावधगिरी नव्हे, मोठ्या नावापुढे मान तुकवणे म्हणतात.

दर्यावर्दी:
काँगबाबत मी हरलो. मात्र सागरी नकाशांत संशयित बेटापाशी ‘ई. डी.’, म्हणजे ‘अस्तित्व संशयास्पद’, अशी अक्षरे छापण्याची पद्धत होती. रेनेलच्या पर्वतांपाशी तशी कबुली कोठे होती?

रेखांश:
तुम्ही दोघेही खोडरबराबद्दल भांडत आहात, तर खरी चूक ती दोन अक्षरे गळण्यात आहे. समुद्राचे नकाशे करणाऱ्या फ्रेंच जलालेखन विभागाने सँडी बेट १९७०च्या दशकातच आपल्या नकाशांतून काढले होते. पुढे जुन्या कागदी नकाशांवरून किनारपट्ट्यांची संगणकीय माहिती तयार झाली, तिच्यात बेटाची कड उतरली आणि शेजारचा संशय कागदावरच राहिला. (गूगल अर्थवर तेथे काळा ठिपका दिसत असे, त्याचे गूढ रंगवणाऱ्यांनी एवढे तरी पाहायचे होते.)

कोराकागद:
म्हणजे त्यानंतरची तीसहून अधिक वर्षे ते बेट कोणाच्याही सावधगिरीमुळे टिकले नाही. माझेही म्हणणे तेच होते.