अनुभव धागा : वॉटर मार्बल नखं, घरच्या घरी आणि नागपूरच्या हवेत

धागाकर्ती :
पाण्यावर नेलपेंटचे थेंब टाकायचे, एकात एक गोल उमटले की टूथपिकने रेघा ओढायच्या आणि त्या नक्षीत नख बुडवायचं. वॉटर मार्बल म्हणजे एवढंच. पण व्हिडिओ बघून करायला बसलं की आपल्याकडे अर्ध्यात अडतं, कारण एप्रिल लागला की टाकीचं पाणीच कढत येतं आणि डोक्यावर पंखा नाही तं शेजारी कूलर असतो. म्हणून हा धागा. नखं कशी छान दिसली ते नको. पाणी कुठलं, थेंब किती, सेकंद किती, काय बिघडलं आणि काहून बिघडलं, तेवढं लिहा.

मूळ कृती देऊन ठेवते, म्हणजे सगळे एकाच गोष्टीवर बोलू. रिमूव्हरच्या बोळ्याने नखं पुसा, तेलकटपणा जायला हवा. मग बेसकोट (रंगाखालचा पारदर्शक हात), त्यावर पांढऱ्या नेलपेंटचे दोन पातळ हात. ते वाळायला निदान २० मिनिटं. नखाच्या भोवतीने पहिल्या पेरापर्यंत चिकटपट्टी. पेला पाऊण भरलेला. पहिला थेंब मधोमध, तो पसरला की दुसऱ्या रंगाचा थेंब त्याच्या पोटात, असे ५ ते ७. नक्षी ओढा. नख पालथं, पाण्याला समांतर धरून सावकाश आत न्या. बोट आतच ठेवून वर तरंगणारी नेलपेंटची उरलेली साय दुसऱ्या टूथपिकला गुंडाळून काढा आणि पृष्ठभाग मोकळा झाल्यावरच बोट बाहेर घ्या. ही साय न काढता बोट उचललं तर ती नखावर दुसरा थर होऊन बसते आणि आधीची नक्षी झाकली जाते. नवशिक्यांच्या निम्म्या तक्रारी इथेच असतात.

आरओ-की-नळ :
आरओचं पाणी बरं. नळाचंही चालतं, पण तोटीतून जोरात सोडलेल्या पाण्यात हवेचे बारीक बुडबुडे असतात. ते सायीखाली अडकले की नखावर टाचणीने टोचल्यासारखी भोकं दिसतात. पेला भरून २० मिनिटं झाकून ठेवा, बुडबुडे निघून जातात. बोअरच्या जड पाण्याने नखावर वाळल्यानंतर पांढुरके डाग राहतात, ते घेऊ नका.

पेला कागदी चहाचा, तोंड ६-७ सेंमीचं. थर्माकोलचा नको, नेलपेंटमधलं द्रावक त्याला खातं. मोठ्या वाडग्यात थेंब इतका लांब पसरतो की रंग फिका पडतो. स्वयंपाकघरातली वाटी घेणार असाल तर तिला तेलाचा किंवा भांड्यांच्या साबणाचा अंश लागलेला असतो, हे लक्षात घ्या. पाणी काठाच्या खाली बोटभर असावं. त्याहून खाली गेलं तर बोट वाकडं करून घालावं लागतं आणि नख समांतर राहत नाही.

अॅसिटेट-आजी :
साबणाचं काहून ते सांगते. नेलपेंटमध्ये साय धरणारं नायट्रोसेल्युलोज असतं, इथाइल आणि ब्युटाइल ॲसिटेट या द्रावकांमध्ये विरघळवलेलं. पाण्याचा पृष्ठताण, म्हणजे पृष्ठभागाची ओढ, साधारण ७२ मिलिन्यूटन प्रतिमीटर, या दोन द्रावकांचा २४-२५. त्यामुळे थेंब पडला की आजूबाजूचं पाणी त्याला चहूबाजूंनी ओढतं आणि तो पसरतो. साबणाने पाण्याची ही ओढच कमी होते. थेंब गोळा होऊन जागीच बसतो किंवा बुडतो. पाण्यावर मिरपूड भुरभुरून साबणाचं बोट टेकवा, पूड क्षणात काठाला पळते. तोच प्रकार.

यातूनच पुढची गोष्ट निघते. तुमच्या प्रत्येक थेंबानेही पृष्ठभागाची ओढ थोडी थोडी कमी होत असते. म्हणून सातव्यानंतरचा थेंब पसरत नाही, नुसता ठिपका होतो. चार-पाच बोटं झाली की पाणी बदला. वरून स्वच्छ दिसलं तरी बदला.

आणि घड्याळ थेंब पडल्याक्षणी सुरू होतं. इथाइल ॲसिटेट ७७ अंशांना उकळतं, ब्युटाइल १२६ ला, म्हणजे इथाइल आधी उडून जातं आणि साय धरायला लागते. कडेचा गोल सर्वांत पातळ, तो आधी वाळतो. तिथे टूथपिक टेकवली की अख्खी नक्षी फरफटत येते. बाहेरचा एक गोल सोडून आतून सुरुवात करा.

मोदी-नंबर-तीन :
बाटल्यांबद्दल. सीताबर्डीच्या फुटपाथवरची असो की धरमपेठच्या काचेच्या दुकानातली, किंमत बघून काही कळत नाही. पाण्यावर एक थेंब टाकून बघा. ३-४ सेकंदांत रुपयाच्या नाण्याहून मोठा झाला तर पास. अर्धवट पसरून थांबला तर मधल्या गोलांना वापरा. तळाला गेला तर ती बाटली या कामाची नाही, वाद घालू नका.

साधी क्रीम फिनिशची, पातळ, नुकतीच उघडलेली नेलपेंट सर्वांत चांगली. चकाकीचे मोठे कण असलेली नको, मॅट नको, जेल तर मुळीच नको, कारण जेल अतिनील दिव्याशिवाय धरतच नाही. ‘झटपट वाळणारी’ असं लिहिलेली बाटली घेऊन ये आणि मग रड, असं मी मैत्रिणींना सांगते. पाण्यावर आधारलेली, लहान मुलांसाठीची सोलून निघणारी नेलपेंट पाण्यात मिसळून जातात, त्यांचाही उपयोग नाही.

जुनी घट्ट झाली असेल तर नेलपेंटच्या थिनरचे २-३ थेंब घालून बाटली तळव्यांमध्ये फिरवा. हलवू नका, फेस होतो. रिमूव्हर घालू नका, रंग फाटतो आणि पुढे ती बाटली नखावर लावायलाही राहत नाही. सगळ्या बाटल्यांची झाकणं आधीच सैल करून ठेवा. तिसऱ्या थेंबाला झाकण उघडत बसलात तर पहिला गोल वाळलेला असतो.

पहिला थेंब पांढरा किंवा पारदर्शक टाका. तो कडेला जाऊन वाया जाणारच असतो.

थेंब-एक :
उंची कुणी लिहिली नाही. ब्रश पाण्यापासून १ ते २ सेंमीवर. थेंब ब्रशवरून आपोआप सुटू द्या. झटकलात किंवा उंचावरून सोडलात तर तो पृष्ठभाग फोडून थेट खाली जातो.

चिकटपट्टीविरोधी :
चिकटपट्टी दहा बोटांना लावायची म्हणजे अर्धा तास. मी फेविकॉल लावते. नखाच्या कडेपासून केसभर जागा सोडून, ब्रशने, जरा जाड. पारदर्शक होईपर्यंत वाळू द्यायचा, बुडवल्यावर सोलून काढायचा.

अॅसिटेट-आजी :
फेविकॉल पाण्यात मऊ पडतो ताई. १०-१५ सेकंदांत काम उरकत असेल तर चालेल, पण साय गोळा करायला वेळ लागला तर कडेने सुटतो आणि त्याचा पांढरा अंश पाण्यात उतरतो. पुढच्या बोटाला थेंब पसरला नाही तर दोष नेलपेंटला देऊ नका. व्हॅसलिनचंही तसंच, कातडीला लावताना नखाला जरा जरी लागलं तर तिथे नक्षी धरत नाही.

चिकटपट्टीविरोधी :
मान्य. प्रत्येक दोन बोटांना पाणी बदलते, म्हणूनच निभतं बहुतेक.

नवतपा :
उन्हाळ्याचं गणित वेगळं लिहिते. पाणी २२ ते २५ अंश हवं. घरात तापमापक नसेल तर मनगटाच्या आतल्या बाजूला थेंब टाकून बघा, ना गार ना कोमट लागला पाहिजे. मे महिन्यात टाकीच्या पाण्यात माठातलं पाणी मिसळून तिथे आणा. नुसतं माठातलं किंवा फ्रिजचं घेतलं तर थेंब आखडतो, जेमतेम जुन्या चवलीएवढा (दोन आण्यांच्या नाण्याएवढा) पसरतो. टाकीचं तसंच घेतलं तर पसरतो भराभर, पण साय धरते त्याहून भराभर.

२५ अंशांच्या आसपास पहिल्या थेंबापासून बुडवेपर्यंत मला ४० सेकंद मिळतात. बाहेर ४५ असताना दुपारी, बंद खोलीतसुद्धा, १५ ते २०. तेवढ्यात सात थेंब आणि फूल काढणं जमत नाही. म्हणून मे-जूनमध्ये चारच थेंब आणि दोन रेघा. नाही तं सरळ रात्री दहानंतर बसा.

पंखा आणि कूलर, दोन्ही बंद. कूलरच्या हवेत ओल असते म्हणून साय उशिरा वाळेल असं वाटतं, पण त्रास वाऱ्याचा आहे. गोल एका बाजूला सरकतात, चंद्रकोरी होतात. घाम कपाळावरून पेल्यात पडू देऊ नका. गंमत नाही, घामातला तेलकट अंश तेच करतो जे साबण करतो.

डिसेंबरात उलट. सकाळी खोली १५ च्या खाली असते, नेलपेंट घट्ट झालेलं असतं. झाकण घट्ट लावलेली बाटली कोमट पाण्याच्या वाटीत २-३ मिनिटं उभी करा. गॅसजवळ नेऊ नका.

संत्र्याची-फोड :
नक्ष्या. टूथपिक पाण्यात खुपसायची नाही, सायीला फक्त टेकवायची. प्रत्येक रेघेनंतर टोक कागदाला पुसायचं. हे विसरलं की टोकाला चिकटलेला रंग पुढची रेघ जाड करतो आणि तिसऱ्या रेघेला साय फाटते.

संत्र्याची फोड सर्वांत सोपी, नागपुरात राहून ती आली नाही तर कसं. पांढरा, नारिंगी, पांढरा, नारिंगी, असे सहा. केंद्रातून बाहेर आठ रेघा, बाहेरचा गोल न तोडता. फुलासाठी आधी बाहेरून आत चार रेघा, मग त्यांच्या मधोमध आतून बाहेर चार. ताडोबाच्या वाघाचे पट्टे हवे असतील तर पिवळा-काळा घ्या, सगळ्या गोलांमधून एक रेघ डावीकडून उजवीकडे, तिच्या खाली दुसरी उजवीकडून डावीकडे, अशा चार-पाच. तान्ह्या पोळ्याला मिरवणुकीतल्या पुतळ्यांची पिवळी मारबत, काळी मारबत म्हणूनही तेच खपवता येतं. काळा मात्र एकच थेंब जास्त झाला तर बाकी सगळं गिळतो, म्हणून दोन पिवळ्यांमागे एक काळा.

नख बुडवायच्या आधी ते नक्षीच्या वर धरून बघा, कुठला भाग नखावर येणार ते. अंगठा नेहमी एकटा. आणि दहाही बोटं करायचा हट्ट नको, एकेका नखाला सहा थेंब धरले तरी ६० होतात आणि पांढऱ्याची बाटली लवकर संपते. अनामिकेवर मार्बल, बाकीच्यांवर त्यातलाच एक रंग.

बुडबुडेवाली :
बाहेर काढल्यावर नखावर पाण्याचे थेंब असतात. पुसायचे नाहीत. टिश्यूचा कोपरा थेंबाच्या कडेला टेकवा, तो ओढून घेतो. थेंब सायीखाली अडकून फुगा झाला असेल तर बोटाने दाबू नका, टाचणीने कडेला एक भोक पाडा आणि पाणी टिपा. फुगे दोन कारणांनी येतात: बोट झपकन खाली नेलं, किंवा खालचा पांढरा ओला होता. सुरकुत्या असतील तर कारण तिसरं, बुडवेपर्यंत साय वाळून गेली होती आणि नखाच्या बाकाला बसली नाही.

डावरी :
उजव्या हाताचं काम डाव्या हाताने होत नाही, थेंब मधोमध पडत नाहीत. त्यावर उपाय स्टिकरचा. कागद ठेवायच्या गुळगुळीत प्लॅस्टिक फाइलचा २-३ सेंमीचा तुकडा कापा, त्यावर पारदर्शक टॉपकोटचा जाड हात देऊन तासभर वाळवा. मग तो तुकडा नखासारखाच पालथा नक्षीत बुडवा. रात्रभर वाळू द्या. सकाळी कोपऱ्यातून हळूहळू सोला, नखाच्या आकाराला कापा आणि नखावरचा बेसकोट जरा चिकट असतानाच बसवा. मधून कडांकडे दाबत जा. टोकाबाहेरचं रिमूव्हरमध्ये बुडवलेल्या बारीक ब्रशने पुसलं की सुटतं. पावसाळ्यात रात्रभरही पुरत नाही, सोलताना रबरासारखं ताणलं गेलं तर आणखी एक दिवस ठेवा.

तयार चिकटवायच्या नखांवर करत असाल तर कडा पुसायला ॲसिटोनचं रिमूव्हर वापरू नका, ते प्लॅस्टिकच विरघळवतं.

अॅसिटेट-आजी :
देवघरापासून लांब बसा. नेलपेंट, थिनर, रिमूव्हर, तिन्ही पेट घेतात आणि उदबत्तीसुद्धा पुरते. खिडकी उघडी ठेवा, पण वारा थेट पेल्यावर नको. काम झालं की पाण्यावरची साय कागदावर गोळा करून कचऱ्यात टाका, बेसिनमध्ये ओतली तर ती पाइपला चिकटते.

धागाकर्ती :
एक राहिलं. टॉपकोट लावला की काळ्याची रेघ पांढऱ्यात ओढली जाते, हे दोघींनी विचारलंय.

बुडबुडेवाली :
घाई. बुडवल्यानंतर निदान १५ मिनिटं, पावसाळ्यात अर्धा तास थांबा. टॉपकोटचा ब्रश भरपूर भरलेला हवा, म्हणजे केस नखाला न लागता नुसता थेंब पुढे सरकतो. एकाच ओढीत, क्युटिकलपासून (नखाच्या मुळाशी असलेल्या कातडीपासून) टोकापर्यंत. परत त्याच जागी ब्रश नेलात तर टॉपकोटमधल्या द्रावकाने खालचा काळा सैल झालेला असतो, तो येणारच ओढून.