‘ब्लॅक’ला ‘कृष्णवर्णीय’ म्हणायचं का? (एमी शेराल्डच्या चित्रांवरून)

खारीचा ब्रश:
एमी शेराल्ड या अमेरिकन चित्रकर्तीवर एका दिवाळी अंकासाठी लिहितेय आणि पहिल्याच परिच्छेदात गाडी अडलीये. मिशेल ओबामांचं २०१८ मधलं पोर्ट्रेट आठवतंय ना, मोठ्ठा पसरलेला भौमितिक नक्षीचा ड्रेस आणि चेहरा, हात चक्क राखाडी, ते हिचंच. ही रंगवते ती माणसं ब्लॅकच पण त्वचेला तपकिरी लावत नाही, काळ्यात नेपल्स यलो (फिकट पिवळा) मिसळून राखाडी करते. ‘कृष्णवर्णीयांची चित्रं’ असं लिहिलं खरं पण तिने वर्णच काढून टाकलाय की! मग काय लिहू?

पाटीपेन्सिल:
कृष्णवर्णीय हा पेपरवाल्यांचा शब्द, ‘काळा’ म्हणायला जीभ अडखळते म्हणून संस्कृतात गुंडाळलेला. आत कातडीच. कृष्णवंशीय लिहा, विषय संपला.

उंटावरचा शहाणा:
कृष्णवंशीय वाचलं की मला द्वारकेचे यादव दिसतात राव :) ‘ब्लॅक’च ठेवा. १९६० च्या दशकात ‘नीग्रो’ झटकून त्या लोकांनी तो शब्द स्वतः उचलला, त्यात रंगापेक्षा इतिहास जास्त आहे. आपल्याकडे १९७२ ला मुंबईत अमेरिकेतल्या ब्लॅक पँथर संघटनेवरून दलित पँथर निघाली तेव्हा कोणी बसून पँथरचा बिबट्या केला का? आणि तो ‘दलित’ही तसाच, स्वतः छातीठोकपणे घेतलेला.

पाटीपेन्सिल:
बिबट्यावर निरुत्तर. पण ताई, ‘ती माणसांना रंग देत नाही’ असलं वाक्य टाकू नका हां, मराठीत रंग म्हणजे डबीतलाही आणि अंगाचाही, स्थळांच्या जाहिरातीत ‘रंग निमगोरा’ वाचत वाढलेली जनता आपण, भलताच अर्थ काढेल.

सांजवेळ:
राखाडीपेक्षा करडा बरा वाटतो. राखाडीत राख येते, आणि तिने ब्रिओना टेलरही त्याच छटेत रंगवलीये. अमेरिकेतल्या लुईव्हिल शहरातली २६ वर्षांची मुलगी, १३ मार्च २०२० ला मध्यरात्रीनंतर पोलीस दार फोडून घुसले आणि त्यांच्या गोळीबारात गेली. शेराल्डने ते चित्र व्हॅनिटी फेअर मासिकाच्या सप्टेंबर २०२० च्या कव्हरसाठी केलं, फिरोजी गाऊन आणि बोटात अंगठी, जी तिचा मित्र तिला लग्नाचं विचारताना देणार होता आणि राहून गेली. तिथे राख नको वाटते. शिवाय आपल्याकडे ‘करडी नजर’ आहेच, हिची बहुतेक माणसं सरळ आपल्याकडे बघतात, लाजून नाही की हसून नाही.

खारीचा ब्रश:
करडी घेतली! आता ‘सोशल जस्टिस’चं सांगा, ‘सामाजिक न्यायाची चित्रकर्ती’ म्हटलं की मंत्रालयातलं खातं डोळ्यापुढे येतं.

उंटावरचा शहाणा:
मग ते बिरुद लावूच नका, ती काय करते ते लिहा. ब्रिओनाचं चित्र लुईव्हिलचं स्पीड म्युझियम आणि वॉशिंग्टनचं आफ्रिकन अमेरिकन इतिहासाचं म्युझियम या दोघांनी मिळून घेतलं, म्हणजे ते ब्रिओनाच्या गावातही असतं. आणि २०२५ मध्ये, जिथे मिशेलचं पोर्ट्रेट आहे त्याच वॉशिंग्टनच्या नॅशनल पोर्ट्रेट गॅलरीत शेराल्डचं प्रदर्शन होणार होतं, पण स्वातंत्र्यदेवीच्या रूपातल्या ट्रान्स स्त्रीच्या चित्रावरून कुरबुर झाली तेव्हा बाईने सगळं प्रदर्शनच मागे घेतलं. एवढं लिहिल्यावर विशेषण कशाला हवंय?

पाटीपेन्सिल:
+१. अवांतर: पोर्ट्रेटला ‘व्यक्तिचित्र’ लिहिणार असाल तर ‘रंगवलेलं’ जोडा, नाहीतर लोकांना पुलंची वल्ली वाटतील. ‘तसबीर’ मात्र नको, तिला आपण हार घालतो.

खारीचा ब्रश:
पोर्ट्रेटच लिहिते. संपादक शेवटी सगळीकडे कृष्णवर्णीय करणार ते वेगळंच.