काळा घोडा फेरी: जहांगीर दहा मिनिटांत?

मुंबईतल्या काळा घोडा भागाच्या फेरीत गाइड जहांगीर आर्ट गॅलरीत दहाच मिनिटं थांबला आणि कॅफेत मात्र पाऊण तास, हे तुमचं वाचून हसूच आलं. अहो, तिथे चित्रं आणि कप एकाच छपराखाली होते! गॅलरी १९५२ची. तिच्यातच १९६४पासून समोवार नावाचं कॅफे होतं: आगगाडीच्या डब्यासारखी अरुंद, लांबट जागा, पलीकडे म्युझियमची हिरवळ. एका चहावर चित्रकार तासन्‌तास बसायचे. २०१५ साली ते बंद झालं. त्या जागेपाशी नेऊन एवढं सांगितलं असतं तरी पैसे वसूल.

ज्या पुतळ्यावरून या भागाला काळा घोडा नाव पडलं, त्या घोड्याचीही गंमत राहिली वाटतं. मूळ घोड्यावर राजा होता, सातवा एडवर्ड. १९६५मध्ये दोघांची रवानगी भायखळ्याच्या राणीच्या बागेत झाली. आताचा घोडा २०१७चा, बिनस्वाराचा. (मला हाच आवडतो.)

पुढच्या वेळी गाइड नको. गॅलरीबाहेर फुटपाथवर चित्रं मांडून बसतात त्यांच्याशी बोला. चारकोलने काळी झालेली बोटं पँटला पुसत मजेत गप्पा मारतात. आणि कॉफीसाठी सीएसएमटीहून लोकल पकडून सरळ माटुंगा गाठा. स्टीलचा पेला, खाली वाटी, चटका बसेल इतकी गरम फिल्टर कॉफी. फेस मिशीला लागलाच पाहिजे.