काळावरची सिम्फनी: एकाच वेळी दोन लयी आणि उलटा काळ कसा लिहायचा?

खर्जषड्ज
एका काल्पनिक सिम्फनीचा आराखडा केला आहे, विषय काळ. चार मूव्हमेंट (भाग), साधारण 35 मिनिटं, 45 वादक. पहिलीत दोन घड्याळं वेगवेगळ्या गतीनं चालतात (स्ट्रिंग्ज म्हणजे तंतुवाद्यं मिनिटाला 60 ठोक्यांनी, वुडविंड म्हणजे बासरी-क्लॅरिनेटसारखी फुंकवाद्यं 70 नं), दुसरीत काळ मंदावतो, तिसरीत तो उलटा वाहतो, चौथीत थांबतो. अडचणी तीन. कंडक्टर एकच आहे आणि म्यूझस्कोअरमध्ये (नोटेशन लिहायचं सॉफ्टवेअर) टेम्पो सगळ्या स्टाफना (वाद्यांच्या ओळींना) एकच लागतो. दुसरीतला रिटार्डांडो (लय हळूहळू उतरवणं) शेवटी शेवटी धपकन बसतो. आणि उलटा भाग नोटा शेवटाकडून लिहून पाहिला, तर काळ उलटल्यासारखा वाटत नाही, नुसती वेगळीच चाल वाटते.

आडलय
70 सोडा, 75 घ्या. 60 ला 70 म्हणजे सहाला सात, आणि ऑर्केस्ट्रात सहात सात सफाईनं वाजवून घ्यायला फार तालमी लागतात. 60 ला 75 म्हणजे सव्वापट, आपली कुआड: चार मात्रांत पाच. कंडक्टर 60 नं चार ठोके देतो आणि वुडविंडला त्याच बारमध्ये (चार ठोक्यांच्या आवर्तनात) पाच सारख्या नोटा लिहायच्या. फाइलमध्ये टेम्पो एकच राहतो.

पण एवढ्यानं दुसरं घड्याळ ऐकू येणार नाही. पाचाचा गट दर बारच्या समेवर भेटत राहिला की कानाला ती फक्त नक्षी वाटते. म्हणून वुडविंडचे ॲक्सेंट (जोर) त्यांच्या स्वतःच्या चौथ्या-चौथ्या नोटेवर टाका, बारची रेघ विसरून. मग स्ट्रिंग्जची सम दर 4 सेकंदांनी आणि वुडविंडची दर 3.2 सेकंदांनी येते. दोघं एकत्र भेटतात 16 सेकंदांनी, म्हणजे यांचे 4 बार आणि त्यांचे 5. ती भेट श्रोत्याला कळायला हवी, तिथं एक घंटा द्या.

वुडविंडला बाल्कनीत बसवायचा मोह होईल. 20 मीटरवरून आवाज पोहोचायला जवळपास 0.06 सेकंद लागतात. 75 च्या लयीत सोळांश नोट (ठोक्याचा चौथा भाग) 0.2 सेकंदांची असते, म्हणजे तिचा पाव भाग ओलांडून उशीर. त्यांना कंडक्टरच्या हाताच्या किंचित पुढे वाजवायला सांगावं लागेल, आणि हे ऐनवेळी जमत नाही. तीन ऑर्केस्ट्रा, तीन कंडक्टर ही स्टॉकहाउझन या संगीतकाराच्या ‘ग्रुपन’ या रचनेची सोय आहे, 45 जणांत तो विचार नको.

उलटीगंगा
तिसऱ्या मूव्हमेंटबद्दल. तुम्ही नोटांचा क्रम उलटलात, आवाज उलटला नाही. पिझिकाटो (बोटानं छेडलेली तार), पियानो, घंटा यांचा आघात आधी आणि विरणं नंतर. काळ उलटा ऐकू यायचा तर शून्यातून फुगत जाऊन कट व्हायला हवा. हे क्लॅरिनेटला उत्तम जमतं, स्ट्रिंग्जला जमतं, मऊ काठ्यांनी झांजेवर रोल वाढवत नेऊन हातानं दाबली तरी जमतं. ओबोला तळाच्या स्वरांवर जमत नाही, तिथं सुरुवातच फुटते. पियानो या भागात गप्प ठेवा.

दुसरी गोम हार्मनीची. डॉमिनंट–टॉनिक (आधी ताणाचा कॉर्ड, मग घरी परतणारा) उलटलं की टॉनिक–डॉमिनंट होतं, म्हणून प्रत्येक वाक्य अर्धवट लटकतं. हायडननं 47 व्या सिम्फनीच्या (1772) मिन्युएटमध्ये (नाचाच्या भागात) चाल सुलट वाजवून मग तीच उलट वाजवायला लावली आहे आणि ती दोन्हीकडून उभी राहते, कारण चाल रचतानाच दोन्ही टोकांचा विचार केलेला आहे. तेव्हा आधी उलटा भाग लिहा, सुलटा त्यातून काढा.

आणि अशी लयही घ्या जी उलटली तरी तीच राहते. फ्रेंच संगीतकार मेसियांनं अशा लयी मुद्दाम वापरल्या, आणि शार्ङ्गदेवाच्या ‘संगीतरत्नाकरा’तल्या 120 देशी तालांचा अभ्यास केला. तो ग्रंथ तेराव्या शतकात आपल्या देवगिरीला, यादवांच्या आश्रयानं लिहिला गेला. 1941 मध्ये गर्लिट्झच्या युद्धकैद्यांच्या छावणीत पहिल्यांदा वाजलेल्या मेसियांच्या ‘काळाच्या अंतासाठी’च्या चौकडीत (चार वाद्यांच्या रचनेत), पहिल्याच भागात, पियानोला 17 मात्रामूल्यांचं चक्र आणि 29 कॉर्डचं चक्र एकावर एक दिलंय. 17 आणि 29 दोन्ही मूळ संख्या, म्हणून 493 कॉर्ड वाजेपर्यंत मूळ जुळणी परत येत नाही. भाग त्याच्या कितीतरी आधी संपतो. चक्र पुरं होत नाही, हीच त्यातली खुबी.

पाऊणपट
रिटार्डांडो: 120, 105, 90, 75, 60 असा सारख्या वजाबाकीनं उतरवला असणार. पहिली पायरी साडेबारा टक्क्यांची, शेवटची वीस टक्क्यांची, म्हणून आपटतो. सारख्या गुणोत्तरानं उतरवा: 120, 101, 85, 71, 60.

खर्जषड्ज
धन्यवाद, 75 आणि गुणोत्तर दोन्ही घेतो. चौथीसाठी किल्लीचे 12 मेट्रोनोम वेगवेगळ्या गतींना लावून एकेक थांबू द्यायचा विचार आहे. लिगेटीनं 1962 मध्ये 100 वापरले होते.

पाऊणपट
सगळ्यांना किल्लीचे वेढे सारखेच द्या. दर टिकटिकीला चक्राचा ठरावीक भाग सुटतो, म्हणून 160 वाला 40 वाल्याच्या साधारण पाव वेळात संपतो. सर्वांत संथ आपोआप शेवटी उरतो. पूर्ण किल्ली देऊ नका, आधी एकाला चार वेढे देऊन वेळ मोजा. टेबल पातळीत हवं, नाहीतर टिकटिक लंगडते. आणि जड हवं: हलत्या फळीवर जवळच्या गतीचे मेट्रोनोम एकमेकांना ओढून एका लयीत येतात. असं जुळणं हायगेन्सनं 1665 मध्ये एकाच आधाराला टांगलेल्या लंबकाच्या घड्याळांत टिपलं होतं. शेवटच्या टिकटिकीबरोबर दिवा विझवणार असाल, तर विझवणाऱ्याला सांगून ठेवा की कानावर जायचं, डोळ्यावर नाही; टिकटिक संपल्यावरही दांडा थोडा वेळ झुलत राहतो.