मदत हवी आहे: जमीन चोपण की खारवट? जिप्सम टाकू का?

ऊसवाला_शिरोळ: दोन एकर काळी जमीन, ऊस. खोडवा (तोडणीनंतर फुटलेलं पीक) पिवळा पडून खुरटलाय. कोणी चोपण म्हणतं, म्हणजे सोडियम वाढलेली; कोणी खारवट, म्हणजे क्षार साठलेली. दुकानदार म्हणतो जिप्सम टाका, सुधारेल. परवा गाडी येतेय. टाकू की नको एवढंच सांगा, लवकर.

बांधावरचा: माती तपासली का? सामू (pH) किती, क्षारता किती? पाणी नदीचं की विहिरीचं? पाट की ठिबक? काहीच लिहिलेलं नाही.

गोमय: रासायनिक खतं बंद करा, जीवामृत सोडा. आमची जमीन भुसभुशीत झाली.

बांधावरचा: गोमयराव, तुमची माळाची मुरमाड. पाणी आपोआप खाली जातं. इथे काळी, निम्मी चिकणमाती, ओली झाली की फुगून भेगा मिटतात.

ऊसवाला_शिरोळ: रिपोर्ट आहे. सामू ८.१, क्षारता २.९. पाणी नदीचं, पाटाने. आता सांगा.

प्रयोगशाळेतला: २.९ कशातली? एक भाग माती अडीच भाग पाणी अशा द्रावणातली, की संपृक्त अर्कातली, म्हणजे पूर्ण भिजवलेल्या मातीतून काढलेल्या पाण्यातली? ४ ची मर्यादा सगळे ठोकून देतात ती संपृक्त अर्काची. साध्या द्रावणात १ च्या पुढे गेलं की धोका सुरू, २.९ म्हणजे भरपूर क्षार. चोपणाला सामू साधारण ८.५ च्या वर आणि विनिमययुक्त, म्हणजे मातीच्या कणांना चिकटलेलं, सोडियम १५ टक्क्यांच्या पुढे लागतं. सोडियमचा आकडा आहे का?

ऊसवाला_शिरोळ: सोडियम नाही दिलेलं. साधी तपासणी होती. द्रावणाचंही काही लिहिलेलं नाही.

कोकणी_कातळ: इकडे जांभी जमीन, आम्लधर्मी. हापूसला चुना टाकावा का? कोणी केलंय?

बांधावरचा: वेगळा धागा काढा हो.

वाळूमिया: भारी जमिनीत चार ट्रॉल्या वाळू टाका, पाणी मुरेल.

प्रयोगशाळेतला: एकरभर वीतभर थरात चिकणमातीचं वजन शेकडो टन असतं. चार ट्रॉल्या कुठे जातील? वाळू कणांमध्ये अडकून माती आणखी घट्टही होते. मातीची घडण चांगली म्हणजे चिकणमातीचे कण एकत्र येऊन टिकाऊ दाणे होतात. सोडियम जास्त झालं की ते दाणे पाण्यात सुटे होऊन पसरतात, पोकळ्या बुजतात, निचरा थांबतो. जिप्समचं कॅल्शियम सोडियमला हटवतं, म्हणून ते चोपणाला.

ऊसवाले, घरीच बघा. वाळलेलं ढेकूळ पावसाच्या किंवा डिस्टिल्ड पाण्यात हलकेच सोडा. विहिरीचं पाणी नको, त्यातल्या क्षारांनी गाळ बसून फसगत होते. ढेकूळ फुटलं तर फुटू द्या, पण भोवती दुधाळ ढग उठून पाणी तासन्‌तास गढूळ राहिलं तर चोपण. पाणी नितळ राहिलं आणि क्षार भरपूर असतील तर बहुधा खारवट, पक्कं सोडियम तपासल्यावरच. उन्हाळ्यात शेतावर काय दिसतं, पांढरं (खारवटाची खूण) की काळपट तेलकट (चोपणाची)?

ऊसवाला_शिरोळ: पांढरी खपली, सऱ्यांच्या माथ्यावर. पाणी लगेच नितळलं. पण मित्राने याच भागात जिप्सम टाकलंय.

बांधावरचा: मित्राची चोपण असेल. जिप्सम स्वतःच एक क्षार आहे, तुमच्या शेतात त्याचा खर्च बहुधा वाया. तुम्हाला हवाय निचरा. तीन-चार फूट खोल सच्छिद्र पाइप, मग वरून पाणी देऊन क्षार धुवायचे. सांगलीजवळच्या कसबे डिग्रजच्या कृषी संशोधन केंद्रावर चौकशी करा. आणि पाट कमी करा, तुम्ही भूजलाची पातळी वर ओढताय.

गोमय: हिरवळीचं खत म्हणून ताग गाडला तरी निचरा होतो.

प्रयोगशाळेतला: ताग चांगलाच, पण भूजल चार फुटांवर असेल तर त्याने खाली जाणार नाही.

ऊसवाला_शिरोळ: पाइप टाकले तरी पाणी सोडू कुठे? नाला दोन शेतं पलीकडे. मधला शेतकरी परवानगी देत नाही.

बांधावरचा: त्याचीही जमीन पांढरी पडलीय का ते बघा. पडली असेल तर खर्च वाटून घ्यायला तो तयार होईल. आधी लेव्हल मोजा, उतार नाल्याकडे नसेल तर उपसा पंप लागतो.

चोपणवाला: जिप्समची गाडी रद्द करताय का? माझी चोपण आहे. बॅगा किती, दर काय लावलाय?