डेन्सिटीच खरी आणि सीडीएफ नुसतं खूळ? (उष्णवायू यांना उत्तर, लांबलंय)

उजवीकडून_सलग:
कालच्या धाग्यावर उष्णवायू यांनी ठोकून दिलंय की खरं डिस्ट्रिब्युशन फंक्शन म्हणजे मॅक्सवेलचा स्मॉल एफ (डेन्सिटी, कोणत्या किमतीपाशी किती दाटी ते सांगणारा), निसर्गात तोच दिसतो, आणि गणितवाल्यांचा कॅपिटल एफ (सीडीएफ, अमुक किमतीच्या खाली एकूण किती हिस्सा ते सांगणारा), तो शून्यापासून एकपर्यंत चढत जाणारा, हे परीक्षेत मार्क कापायला काढलेलं खूळ आहे, सिलॅबसमधून काढून टाका. तिथेच उत्तर देत होतो पण आवरेना, म्हणून वेगळा धागा.

तर साहेब, तुमचाच वायू घेऊ. नायट्रोजन, ३०० केल्विन. स्मॉल एफ वेगावर काढला की शिखर येतं सेकंदाला ४२२ मीटरवर. त्या वेगाच्या रेणूची ऊर्जा बरोबर केटी, म्हणजे बोल्ट्झमनचा स्थिरांक गुणिले तापमान. आता तोच वायू, तेच रेणू, फक्त आडव्या अक्षावर वेगाऐवजी ऊर्जा घ्या. शिखर केटीवर येत नाही, अर्ध्या केटीवर येतं, म्हणजे साधारण ३०० मीटरने धावणाऱ्या रेणूपाशी. मग ‘सगळ्यात जास्त रेणू’ नक्की कुठे आहेत? हा प्रश्नच फसवा आहे, कारण डेन्सिटी म्हणजे रेणूंची संख्या नव्हे, ती एकदा दर मीटर-प्रति-सेकंदाला असते, एकदा दर ज्यूलला असते, आणि अक्ष बदलला की मध्ये येणारा डेरिव्हेटिव्हचा गुणक शिखर ढकलून देतो. आता कॅपिटल एफला विचारा, निम्मे रेणू कशाच्या खाली? ४५९. ऊर्जेच्या अक्षावर विचारा, तर त्याच ४५९ वाल्या रेणूची ऊर्जा. जागचा हलत नाही.

आणि इलेक्ट्रॉनसाठीच्या ज्या फर्मी-डिरॅक डिस्ट्रिब्युशनच्या तुम्ही शपथा घेता ती तर डेन्सिटी नाहीच. एका स्टेटमध्ये सरासरी किती कण, एवढंच ती सांगते. आकार बघा ना तिचा, एकावरून शून्यावर उतरणारी रेघ. लॉजिस्टिक डिस्ट्रिब्युशनचं एक वजा कॅपिटल एफ आहे ते, चिन्हासकट. धातूतला करंट काढताना त्याचा डेरिव्हेटिव्ह घेऊन तुम्ही जे साडेतीन केटी रुंदीचं टेकाड मिळवता ती त्याची डेन्सिटी. म्हणजे १९२६ पासून, फर्मी-डिरॅक आली तेव्हापासून, खूळ तुमच्याच घरात आहे. वातावरणातून हायड्रोजन निसटतो तोही शिखरामुळे नाही, एस्केप व्हेलॉसिटीच्या वर किती उरतात यावर ते ठरतं, आणि ते पुन्हा एक वजा कॅपिटल एफच. कॅन्टरच्या १८८४ च्या फंक्शनबद्दल तर बोलतच नाही, सलग चढतं, जवळजवळ सगळीकडे उतार शून्य, सीडीएफ झकास आणि डेन्सिटी नावालाही नाही.

उष्णवायू:
कॅन्टर फंक्शन कोणत्या डिटेक्टरमध्ये दिसलं ते सांगा, मी जाऊन बघून येतो.

बाकीच्यालाही उत्तर देतो. बोल्ट्झमनचं १८७२ चं समीकरण स्मॉल एफचं आहे, जागेचे तीन आणि वेगाचे तीन असे सहा चल. ते कॅपिटल एफमध्ये लिहून दाखवा, कोलिजन टर्मसकट, म्हणजे रेणूंच्या टकरींच्या भागासकट. दाखवाच. एका अक्षावर ‘याच्या खाली किती’ विचारायला ठीक आहे हो, सहा अक्षांवर ‘खाली’ म्हणजे कुठे? आणि मुख्य मुद्दा, अक्ष फिरवून बघा. त्रिमितीत वेगाचे अक्ष तीस अंशांनी फिरवले तर माझा स्मॉल एफ नुसता सोबत फिरतो, प्रत्येक बिंदूवरची किंमत तीच. तुमचा कॅपिटल एफ, एक्स-वेग अमुकच्या खाली आणि वाय-वेग तमुकच्या खाली आणि झेड-वेग आणखी कशाच्या खाली, त्याचा चेहराच बदलतो, जुन्या किमतींवरून नव्या काढायच्या तर परत डेन्सिटीपर्यंत जाऊन यावं लागतं. हलत नाही म्हणे!

तुमचं ४२२ की ३०० हे भांडणही खोटं आहे. दिशा टाकून दिल्यात म्हणून तो चार पाय व्ही-स्क्वेअरचा गुणक आला आणि शिखर सरकलं. दिशा ठेवा, त्रिमितीतला मॅक्सवेल शून्याभोवतीची साधी गॉशियन, घंटेच्या आकाराची, आहे. आणि फेज स्पेसमध्ये, स्थान आणि मोमेंटम घेऊन, कोणतंही कॅनॉनिकल ट्रान्सफॉर्मेशन (गतीच्या समीकरणांचं रूप न बदलणारा चलबदल) करा, घनफळ बदलत नाही, त्यामुळे डेन्सिटीची किंमतही बदलत नाही. लिओव्हिल. हे गणितवाल्याला फिजिक्सवाल्याने सांगावं लागतंय.

उजवीकडून_सलग:
लिओव्हिल फ्रेंच गणिती होता हे जाता जाता नमूद करतो.

फिरवण्याचा मुद्दा मान्य. घ्या, फ्रेम करून लावा. अनेक मितींत कॅपिटल एफ गैरसोयीचा आहे, तिथे मूळ गोष्ट मेझर असते, कोणत्या भागात किती एवढं सांगणारी, आणि डेन्सिटी ही त्या मेझरची सावली, तीही असली तर. पण तुम्ही ‘काढून टाका’ म्हणालात ते एका मितीतल्या सीडीएफबद्दल. ते अजून तसंच लोंबकळतंय.

प्रयोगशाळेतली_पाल:
तुम्हा दोघांनाही कधी खरा डेटा हाताळावा लागलाय का? डेटात ना डेन्सिटी येते ना सीडीएफ, येतात आकडे. मग हिस्टोग्राम. आणि बिन, म्हणजे हिस्टोग्रामचा एकेक कप्पा, किती रुंद हे कोण ठरवणार तर गाईड. आमच्याकडे एका गाईडना दोन शिखरं हवी होती, म्हणून बिन कमी करत करत गेले तोपर्यंत की दोन दिसायला लागली, मग म्हणाले आता थांब. डेटा तोच! त्या दोन शिखरांवर पोस्टरसुद्धा झालं. तेव्हापासून मी आधी आकडे लहान ते मोठे लावून एम्पिरिकल सीडीएफ काढते, बिनची भानगडच नाही, आणि खरी रेघ किती दूर असू शकते याची हमी मिळते, हजार मापं असली तर पंच्याण्णव टक्के खात्रीने जास्तीत जास्त ०.०४३, मूळ डिस्ट्रिब्युशन कुठलंही असो. हिस्टोग्राम देतो का अशी हमी?

पण सीडीएफवाल्यांनी लगेच नाचू नये. चढती रेघ नेहमीच गुळगुळीत दिसते, कारण पुढच्या प्रत्येक बिंदूत मागचे सगळे बिंदू आहेत. लोक त्याच रेघेवर लीस्ट स्क्वेअर्स लावतात, जणू प्रत्येक बिंदूची चूक स्वतंत्र आहे, आणि इतके चिमुकले एरर बार काढतात की हसू येतं. आणि डेटाचा सीडीएफ अपेक्षित सीडीएफपासून जास्तीत जास्त किती दूर आहे ते बघणारी कोल्मोगोरोव्ह-स्मिर्नोव्ह टेस्ट! सरासरी आणि सिग्मा त्याच डेटातून काढायचे आणि मग नेहमीच्या टेबलातला पी-व्हॅल्यू वाचून ‘गॉशियन आहे’ म्हणायचं. त्या परिस्थितीसाठी लिलीफोर्सने १९६७ मध्ये वेगळं टेबल दिलंय, कोण बघतंय. शेपटीत तर ती टेस्ट जवळपास आंधळीच.

सोलर_सेल:
शिखर फसवं असतं हे जरा अतीच होतंय. सूर्याचं शिखर ५०२ नॅनोमीटरला, हिरवा रंग, आपले डोळे हिरव्याला सगळ्यात तीक्ष्ण. हा काय योगायोग? उत्क्रांतीला शिखर कळलं, तुम्हाला कळत नाही.

चुकलेला_विद्यार्थी:
हे वाचून जुनी जखम उघडली. आम्हाला परीक्षेत विचारलं होतं, प्लांकच्या स्पेक्ट्रमचं (तापलेल्या वस्तूच्या प्रकाशाचं) शिखर कोणत्या फ्रिक्वेन्सीला. वर्गातल्या बहुतेकांनी वीनच्या नियमावरून (तापमानावरून शिखराची तरंगलांबी देणारा) तरंगलांबी काढली आणि प्रकाशाच्या वेगाला तिने भागलं, पूर्ण मार्क. मी फ्रिक्वेन्सीचं सूत्र घेऊन डेरिव्हेटिव्ह शून्य केला, एच न्यू (फोटॉनची ऊर्जा) बरोबर २.८२ केटी, तर शून्य मार्क आणि वर शेरा ‘वीनचा नियम पाठ करा’. सरांकडे पेपर घेऊन गेलो तर म्हणाले प्रकाश एकच ना, मग शिखर दोन कशी असतील. कशी असतील! सूर्याचं पृष्ठभागाचं तापमान ५७७२ केल्विन धरा, तरंगलांबीच्या अक्षावर शिखर ५०२ नॅनोमीटर, फ्रिक्वेन्सीच्या अक्षावर ३३९ टेराहर्ट्झ म्हणजे ८८३ नॅनोमीटर, चक्क इन्फ्रारेड. सोलर_सेल, तुमच्या उत्क्रांतीने कोणता अक्ष घेतला होता?

सोलर_सेल:
प्रकाश फाकवणारं ग्रेटिंग तरंगलांबी वेगळी करतं, म्हणून तरंगलांबी नैसर्गिक. इतकं सोपं आहे.

प्रयोगशाळेतली_पाल:
ग्रेटिंग करतं, पण त्यापुढे सीसीडी, म्हणजे कॅमेऱ्यातला सेन्सर, असतो ना, तो ऊर्जा नाही मोजत, फोटॉन मोजतो. दर नॅनोमीटरला किती फोटॉन असं काढलं तर शिखर ६३६ ला, लाल. दर हर्ट्झला किती फोटॉन काढलं तर १५६४. हिरवा, लाल, आणि दोन न दिसणारे. निवडा.

उजवीकडून_सलग:
आणि निम्मी ऊर्जा कशाच्या अलीकडे, निम्मी पलीकडे? ७१२ नॅनोमीटर, अक्ष कुठलाही घ्या. धन्यवाद, माझी वकिली तुम्हीच केलीत.

उष्णवायू:
अक्ष कुठलाही, पण मोजायचं काय हे आधी ठरवा, फोटॉन मोजलेत तर तुमचं ७१२ पण हललं. शिवाय तरंगलांबी वाढते तेव्हा फ्रिक्वेन्सी कमी होते, म्हणजे तुमच्या कॅपिटल एफचा एक वजा कॅपिटल एफ होतो. ‘जागचा हलत नाही’ हे वाक्य तेवढं मागे घ्या.

उजवीकडून_सलग:
घेतलं. उलटा होतो. उलटा झाला तरी मध्य मध्येच राहतो. अजून काही बारीकसारीक?

ऋण_विग्नर:
मी राहिलोय. फेज स्पेस, लिओव्हिल वगैरे ऐकून घेतलं, पण क्वांटममध्ये तो स्मॉल एफ टिकतो का? विग्नरने १९३२ मध्ये त्याच्या जागी जे फंक्शन आणलं ते निगेटिव्ह होतं. हार्मोनिक ऑसिलेटरच्या पहिल्या उत्तेजित स्टेटसाठी ऐन केंद्रात निगेटिव्ह, तिथेच सगळ्यात खोल. ही कसली डेन्सिटी? पण मोमेंटमवर इंटिग्रेट करून टाकलं की स्थानाची अगदी सभ्य, शून्याच्या वर राहणारी डेन्सिटी मिळते, आणि उलटंही. म्हणजे एका मितीत दोघांचंही चालतं आणि खऱ्या फेज स्पेसमध्ये, उष्णवायू ज्याला अढळ म्हणत होते तिथेच, संभाव्यता उणे. कोणाची बाजू घ्यायची ते तुम्ही ठरवा.

उष्णवायू:
विग्नर फंक्शनची सरासरी घेतली की बरोबर उत्तरं येतात, मला पुरे. निगेटिव्ह म्हणून रडायचं ते सीडीएफवाल्यांनी, त्यांची चढती रेघ मध्येच उतरायला लागेल. डेन्सिटीच्या भाषेत निदान ते लिहिता तरी येतं.

उजवीकडून_सलग:
म्हणजे ज्याच्याकडे नियम आहेत तो हरला आणि ज्याने नियम मोडले तो जिंकला. वा!

उष्णवायू:
अरे, नियम कोणी केले? लॉरेंट्झियन लाइन (स्पेक्ट्रमरेषेचा लांब शेपट्यांचा आकार) आम्ही रोज वापरतो, तिची सरासरी अस्तित्वातच नाही असं तुमच्यातल्या एकाने मला भर सेमिनारमध्ये सुनावलं होतं, सगळ्यांसमोर, जसं काही मी चोरी केली. अर्ध्या उंचीवरची रुंदी मोजतो आम्ही, सरासरी मागितलीय कोणी? सिलॅबसमधून काढा म्हणालो ते या असल्या शिकवण्याला वैतागून. ठीक आहे, सगळं नका काढू. शेपटीसाठी आणि त्या पालबाईंच्या बिनसाठी ठेवा एक प्रकरण. एकच.

प्रयोगशाळेतली_पाल:
उपकार झाले.

उजवीकडून_सलग:
लॉरेंट्झियनचा कॅपिटल एफ म्हणजे नुसता आर्कटॅन आहे, अर्धा अधिक आर्कटॅन भागिले पाय. सरासरी नसली तरी मेडियन (निम्मं अलीकडे, निम्मं पलीकडे) आहे, आणि क्वार्टाइलमधलं, म्हणजे पाव आणि पाऊण हिस्सा जिथे भरतो त्या बिंदूंमधलं, अंतर म्हणजेच तुमची ती अर्ध्या उंचीवरची रुंदी. नकळत सीडीएफच मोजताय. त्या सेमिनारवाल्याच्या वतीने माफी मात्र मागणार नाही, त्याचं बरोबरच होतं.

सोलर_सेल:
डोळ्यांचं कोणी उत्तर दिलं नाही. दिवसा डोळा ५५५ ला सगळ्यात संवेदनशील असतो. ५०२ पासून किती लांब आहे ते? जवळच आहे ना?

चुकलेला_विद्यार्थी:
अंधारात ५०७ ला असतो. म्हणजे तुमच्या ५०२ च्या अगदी मांडीला मांडी लावून बसतो तो सूर्य मावळल्यावर. उत्क्रांतीने तरंगलांबीचा अक्ष घेतला असेलही, पण वेळ चुकवली. दिसणाऱ्या प्रकाशाला पाणी पारदर्शक असतं, डोळे पाण्यात घडले, यावर एकदा विचार करा, आणि मग माझे मार्क कुणाकडे मागू तेही सांगा.