क्योतो आणि नारा एका दिवसात : गाईडसह सहल घ्यावी की स्वतः फिरावे?

मुक्ता_प्र

नमस्कार. नोव्हेंबरच्या तिसऱ्या आठवड्यात आईबाबांना घेऊन जपानला जायचे ठरले आहे. मुक्काम ओसाकाला आहे आणि त्यातला एक पूर्ण दिवस जुनी बौद्ध मंदिरे आणि शिंतो देवस्थाने पाहण्यासाठी राखून ठेवला आहे. बाबांना इतिहासाची आवड असल्यामुळे फोटो काढून पुढे पळणे त्यांना रुचणार नाही. आईचे गुडघे दुखतात. सपाट रस्त्यावर ती बरीच चालते, पण पायऱ्या दिसल्या की थबकते. एका बससहलीची माहिती मिळाली आहे : सकाळी ओसाकाहून निघून आराशियामा, किन्काकु-जी (सोन्याच्या मंडपाचे मंदिर), फुशिमी इनारी (शिंतो देवस्थान) आणि नारा अशी चार ठिकाणे दाखवून संध्याकाळी परत आणतात, आणि सोबत इंग्रजी बोलणारा गाईड असतो. वाचायला हे छान वाटते, पण एवढे सगळे एका दिवसात खरोखर पाहून होते का? गाईडसाठी पैसे मोजायचेच असतील तर ते कोणत्या ठिकाणी सार्थकी लागतील? शिवाय आम्ही तिघेही शाकाहारी आहोत, त्यामुळे दुपारच्या जेवणाचे काय करावे, हेही कृपया सुचवावे.

ओसाकानिवासी

मुक्ताताई, या सहलीचा मार्ग एकदा नकाशावर पाहा, म्हणजे अर्धे उत्तर तिथेच मिळेल. आराशियामा क्योतोच्या पश्चिम टोकाला, किन्काकु-जी वायव्येला, फुशिमी इनारी दक्षिणेला आणि नारा तर वेगळेच शहर, क्योतोपासून साधारण चाळीस किलोमीटरवर. तुम्ही जाणार तो आठवडा मोमिजीचा, म्हणजे मेपलची पाने लाल होण्याचा, ऐन हंगाम आहे आणि त्या दिवसांत क्योतोच्या रस्त्यांवर बस अक्षरशः मुंगीच्या पावलांनी सरकते. त्यामुळे अशा सहलीत दिवसाचा मोठा भाग खिडकीतून बाहेर पाहण्यात जातो आणि प्रत्येक ठिकाणी उतरल्यावर पहिले वाक्य ऐकू येते ते परत किती वाजता जमायचे याचे.

गाईडचा उपयोग सर्वत्र सारखा होत नाही, हे माझे स्पष्ट मत आहे. किन्काकु-जीचे उदाहरण घ्या. आशिकागा योशिमित्सु या शोगुनने, म्हणजे लष्करी शासकाने, 1397 मध्ये तिथे आपले निवासस्थान उभारायला घेतले. पुढे 1950 मध्ये एका तरुण भिक्षूने सोन्याचा तो मंडप जाळला आणि आज आपण पाहतो ती वास्तू 1955 मध्ये पुन्हा उभी राहिलेली आहे. एवढे माहीत असले की पुरे, कारण मंडपाच्या आत कोणालाही जाता येत नाही. तळ्याच्या या काठावरून पाहायचे, ठरलेल्या वाटेने पुढे सरकायचे आणि बाहेर पडायचे. तिथे गाईड तरी काय जास्त सांगणार? याउलट क्योतोतील सान्जूसान्गेन-दो किंवा नारातील तोदाई-जी या बौद्ध मंदिरांत माहीतगार माणूस सोबत नसेल तर डोळ्यांसमोरची निम्मी गोष्ट निसटते.

तुमच्या जागी मी असतो तर बससहल सोडून दिली असती आणि एक खासगी गाईड घेऊन फक्त तीन ठिकाणे केली असती : अगदी सकाळी फुशिमी इनारीचा पायथा, मग सान्जूसान्गेन-दो आणि दुपारनंतर नारा. यातले एक लक्षात ठेवा की 16 नोव्हेंबरपासून सान्जूसान्गेन-दो सकाळी नऊला उघडते आणि दुपारी चारला बंद होते, शिवाय प्रवेश अर्धा तास आधीच थांबवतात. कियोमिझु-देरा हे मंदिर मी मुद्दामच सुचवत नाही. 1633 मध्ये बांधलेला तिथला लाकडी सज्जा अप्रतिम आहे, पण टॅक्सी खालीच सोडते आणि शेवटचा टप्पा गर्दीतून चढणीचा आहे. तुमच्या आईंना त्याचा त्रास होईल. नारामधील तोदाई-जीचा परिसर त्या मानाने बराच सपाट आहे.

निवृत्त_प्रवासी

वरच्या मताशी मी पूर्णपणे सहमत नाही. ज्येष्ठांना घेऊन फिरताना दर वेळी गाडी बदलणे, स्थानकातले जिने, योग्य फलाट शोधणे यांत जी दमछाक होते, ती बससहलीत वाचते आणि प्रत्येक ठिकाणानंतर हक्काची बसायची जागा मिळते, ही गोष्ट लहान नाही. मात्र बससहल घ्यायचीच तर दोन ठिकाणांची घ्यावी, चारांची नव्हे. नोंदणी करण्याआधी इतके तरी विचारून घ्यावे की गटात माणसे किती असतील, प्रवेशशुल्क धरलेले आहे की वेगळे, आणि गाईड प्रत्यक्ष मंदिरात सोबत येतो की बसमध्येच माहिती सांगून प्रवेशद्वाराशी सोडून देतो. या शेवटच्या प्रश्नाचे उत्तर गोलमोल आले तर ती सहल सोडून द्यावी.

खासगी गाईडबद्दलही थोडे सांगतो. जपानमध्ये परदेशी पाहुण्यांना पैसे घेऊन माहिती देण्यासाठी पूर्वी सरकारी परीक्षा उत्तीर्ण होऊन परवाना घेणे बंधनकारक होते. 2018 च्या जानेवारीपासून ती अट उठली, त्यामुळे आता परवाना नसलेली व्यक्तीही हे काम करू शकते. परवानाधारक गाईड आजही आहेत आणि बाबांसारख्या इतिहासप्रेमी माणसासाठी तसाच गाईड आवर्जून मागावा. ती परीक्षा जपानचा इतिहास, भूगोल आणि संस्कृती या सगळ्यांची असते. पूर्ण दिवसाचा खर्च दहा हजार येनांच्या काही पटींत जातो, पण तो डोईवर नसून गटावर असतो, त्यामुळे तिघांत वाटला की तितका जड वाटत नाही. ज्यांना तोही परवडत नाही त्यांच्यासाठी स्वयंसेवक गाईडांचे गट आहेत. ते मानधन घेत नाहीत. त्यांचा प्रवास, प्रवेशशुल्क आणि दुपारचे जेवण आपण करायचे. त्यांच्याकडे नोंदणी मात्र बरीच आधी करावी लागते आणि नोव्हेंबरमध्ये मागणी जास्त असते.

शिल्पवेडी

सान्जूसान्गेन-दोचा विषय निघाला म्हणून थोडे सविस्तर लिहिते, कारण बाबांसाठी हेच ठिकाण सर्वांत मोलाचे ठरेल असे मला वाटते. सुमारे 120 मीटर लांबीचे हे लाकडी सभागृह 1249 च्या आगीनंतर 1266 मध्ये पुन्हा बांधले गेले. आत सहस्रभुज कान्नोनच्या, म्हणजेच अवलोकितेश्वराच्या, 1001 मूर्ती आहेत : मध्ये एक मोठी बैठी मूर्ती आणि तिच्या दोन्ही बाजूंना पाचशे-पाचशे उभ्या मूर्ती, दहा ओळींत. मधली मूर्ती तान्केई या शिल्पकाराने 1254 मध्ये, वयाच्या ब्याऐंशीव्या वर्षी, पूर्ण केली. हात मोजायला गेलात तर ते बेचाळीसच भरतात. जोडलेले दोन वगळता उरलेल्या चाळीसांपैकी प्रत्येक हात पंचवीस विश्वांतल्या जीवांचा उद्धार करतो, अशी सहस्राची मांडणी आहे.

पण सगळी नजर त्या हजार मूर्तींवरच खर्च करू नका. त्यांच्या पुढच्या ओळीत अठ्ठावीस रक्षक देवता उभ्या आहेत आणि त्यांत आपल्या ओळखीची मंडळी भेटतात. ताइशाकुतेन म्हणजे इंद्र, बोन्तेन म्हणजे ब्रह्मदेव, आणि कारुरा म्हणजे गरुड, तोही बासरी वाजवणारा! दोन्ही टोकांना वायुदेव फूजिन आणि मेघगर्जनेचा देव राइजिन आहेत. वासुसेन या कृश, वृद्ध तपस्व्याच्या मूर्तीपुढे जरा थांबा. गळ्याच्या शिरा, छातीच्या फासळ्या आणि कपाळावरच्या आठ्या लाकडात इतक्या बारकाईने कोरल्या आहेत की तो आत्ता काही बोलेल असे वाटते. डोळ्यांत स्फटिक बसवलेले असल्यामुळे आपण चालू लागलो की त्यात उजेड हलतो. आत छायाचित्रणाला सक्त मनाई आहे, आणि मला तरी ते फार बरे वाटते. पादत्राणे काढावी लागतात आणि लाकडी जमीन नोव्हेंबरमध्ये चांगलीच गार असते, म्हणून जाड मोजे घाला.

तोदाई-जीमध्ये गाईडला बोधिसेनाबद्दल अवश्य विचारा. सम्राट शोमू याच्या इच्छेने घडवलेल्या, साधारण 15 मीटर उंचीच्या वैरोचन बुद्धाच्या कांस्यमूर्तीचा नेत्रोन्मीलन सोहळा 752 मध्ये झाला, तेव्हा डोळे रेखण्याचा मान बोधिसेन या भारतीय भिक्षूला मिळाला होता. त्याच्या कुंचल्याला लांब दोऱ्या बांधल्या होत्या आणि त्या हातात धरून जमलेले लोक त्या कृतीत सहभागी झाले होते. मूर्तीभोवतीचे आजचे सभागृह 1709 चे आणि मूळच्यापेक्षा बरेच अरुंद आहे, तरीही आत शिरल्यावर मान आपोआप वर जाते. जाताना नान्दाईमोन या महाद्वारातले दोन द्वारपाल घाईत ओलांडू नका. उन्केई आणि काइकेई या शिल्पकारांच्या हाताखाली 1203 मध्ये घडलेल्या त्या मूर्ती आठ मीटरांहून उंच आहेत.

मुक्ता_प्र

सर्वांचे मनापासून आभार. बससहलीचा विचार आता सोडून दिला आहे. परवानाधारक गाईडचा शोध घेते. दोन शंका उरल्या आहेत. फुशिमी इनारी म्हणजे डोंगर चढणे असे ऐकले होते, मग आईला ते कसे जमेल? आणि देवस्थानात दर्शन घेण्याची पद्धत काय असते? आपल्याकडून नकळत कोणाचा उपमर्द होऊ नये, एवढीच इच्छा आहे.

ओसाकानिवासी

संपूर्ण डोंगर चढायची काहीच गरज नाही. इनारी पर्वताची उंची 233 मीटर आहे आणि पूर्ण फेरीला दोन ते तीन तास लागतात. परंतु लाल तोरींची, म्हणजे देवस्थानाच्या कमानींची, ती दाट रांग पायथ्याच्या मुख्य देवळामागूनच सुरू होते. थोड्या पायऱ्या आणि सौम्य चढ एवढेच करून ओकुशा या मागच्या देवळापर्यंत जायचे आणि परत फिरायचे. तेही जमले नाही तर आईंना खालच्या प्रांगणात बसता येईल, तिथे तोंडात किल्ली किंवा भाताची लोंबी धरलेले इनारीचे कोल्हे आहेतच. परतीच्या वाटेवर तोरींच्या मागच्या बाजूला कोरलेली नावे दिसतात, ती दान देणाऱ्यांची आणि त्यांच्या कंपन्यांची. इनारी मुळात भातशेतीचा देव, पुढे व्यापारउदिमाचाही झाला. हे देवस्थान चोवीस तास उघडे आणि विनाशुल्क असल्यामुळे सकाळी सातपर्यंत पोहोचावे. नऊनंतर तोरींच्या त्या बोगद्यात माणसांखेरीज काही दिसत नाही. गाईडलाही इथे बोलावू नका, त्याला थेट सान्जूसान्गेन-दोच्या दारात नऊला भेटा. दोन तासांचे पैसे वाचतील.

शिल्पवेडी

दर्शनाची पद्धत सोपी आहे, फक्त शिंतो देवस्थान आणि बौद्ध मंदिर यांत फरक करायला हवा. प्रवेशाशी तोरी असेल तर ते सहसा शिंतो. तिथे तोरीपाशी किंचित वाकावे आणि वाटेच्या मधोमध न चालता कडेने चालावे, कारण मधली वाट देवाची मानतात. पाण्याच्या कुंडाशी पळीने आधी डावा हात धुवावा, मग उजवा, मग डाव्या ओंजळीत पाणी घेऊन चूळ भरावी. पळी तोंडाला लावू नये. देवासमोर नाणे टाकून दोनदा वाकायचे, दोनदा टाळी वाजवायची, प्रार्थना करायची आणि पुन्हा एकदा वाकायचे. बौद्ध मंदिरात मात्र टाळी वाजवत नाहीत, तिथे आपल्यासारखे शांतपणे हात जोडावेत. बहुतेक गाईड हे करून दाखवतात, पण फुशिमी इनारीला तुम्ही एकटेच असणार म्हणून आधीच लिहिले.

नारामध्ये हरणांना खाऊ घालायचे असेल तर तिथेच मिळणारी खास बिस्किटेच द्यावीत, आणि हातात नकाशा, तिकीट किंवा कोणताही कागद मोकळा धरू नये. हरणे तो खुशाल चावून टाकतात.

निवृत्त_प्रवासी

जेवणाचे राहिलेच. जपानी स्वयंपाकात दाशी नावाचे सार जवळपास सर्वत्र वापरतात आणि ते बहुधा वाळवलेल्या माशापासून केलेले असते. नुसत्या भाज्यांच्या उदोन नूडल्समध्येही ते असते. तळलेल्या तोफूच्या पिशवीत भात भरलेली इनारीझुशी दिसायला शाकाहारी असली, तरी तो तोफूही पुष्कळदा त्याच दाशीत शिजवतात. बौद्ध मठांतले शोजिन र्योरी हे जेवण मात्र पूर्ण शाकाहारी असते. त्यातले सार समुद्री शेवाळ आणि वाळवलेल्या मशरूमचे, आणि परंपरेनुसार त्यात कांदा-लसूणही नसतो. अशा ठिकाणी आधी जागा राखून ठेवावी लागते, तेव्हा गाईड ठरवतानाच हे काम त्याच्यावर सोपवावे, म्हणजे त्या दिवशी क्योतोहून नाराला निघण्याची वेळही त्यानुसार बसवता येईल. सोबत सुटी नाणी आणि थोडी रोकड ठेवा, कारण अनेक मंदिरांत प्रवेशशुल्क अजूनही रोखच घेतात.